दोन भागांवरून एका नटाचा निवाडा : रेजिनाल्ड टेट आणि थेट प्रक्षेपणाचा काळ

गेल्या पावसाळ्यात आपल्या मंडळाच्या मासिक बैठकीत एक वाद झाला, त्यातून हे टिपण निघालं. विषय होता आपल्या इंदूरच्या गणेशोत्सवात नाटकं करणाऱ्या हौशी नटांचा. एका सभासदांनी त्यांच्या गल्लीतल्या एका जुन्या नटावर दोन पानं लिहून आणली होती. पुरावा काय, तर तीन पिवळी पडलेली हस्तपत्रकं आणि रंगवलेल्या चेहऱ्याचा एक फोटो. वाचन झाल्यावर आमचे एक ज्येष्ठ सभासद म्हणाले, "अहो, अभिनय कसा होता हे तुम्हाला काय ठाऊक? रेकॉर्ड आहे का कुठे? मग 'थोर नट' हे कशाच्या जोरावर लिहिलंत?" त्यावर लगेच उत्तर आलं, "म्हणजे रेकॉर्ड नाही म्हणून तो नटच नव्हता म्हणायचं का काका?" चहा आला म्हणून वाद थांबला. मिटला मात्र नाही.

मी पेशाने इंजिनिअर. अठ्ठावीस वर्षं कारखान्यात इन्स्ट्रुमेंटेशन सांभाळलं, इतिहासाचा नाद मागाहून लागला आणि जे काही शिकलो ते स्वतःच धडपडत शिकलो. जुनी सवय अशी, की मोजमापावर वाद झाला तर आधी एखाद्या माहीत असलेल्या वजनावर काटा तपासून बघायचा. म्हणून मी असा एक नट शोधला, ज्याच्या कामातलं किती उरलं आणि किती गेलं याचा हिशेब नीट मांडता येतो. तो आपल्याकडचा नाही, इंग्लंडचा आहे. नाव रेजिनाल्ड टेट. त्याच्या सर्वांत गाजलेल्या भूमिकेचे भाग होते सहा. त्यातले आज पाहता येतात दोन.

सैनिक, मग नट

टेटचा जन्म १८९६ सालचा, यॉर्कशायरमधला. पहिल्या महायुद्धात तो लढला आणि नंतर रंगभूमीवर आला. लंडनच्या नाटकांत त्याने प्रमुख भूमिका केल्या, पण सिनेमात त्याच्या वाट्याला बहुतेक दुय्यम कामं आली. 'द लाइफ अँड डेथ ऑफ कर्नल ब्लिंप' या १९४३ च्या चित्रपटात तो व्हान झाइल नावाचा कडक दक्षिण आफ्रिकी अधिकारी आहे. १९५२ साली डिस्नेने काढलेल्या रॉबिन हूडच्या चित्रपटात तो रॉबिनचा बाप आहे, आणि कथेला वेग येण्याआधीच मारला जातो. अशा नटाला आपण 'चेहरा ओळखीचा, नाव आठवत नाही' म्हणतो, त्या जातीतला.

टेलिव्हिजनवर मात्र त्याचं स्थान निराळं होतं. बीबीसीची नियमित टेलिव्हिजन सेवा लंडनच्या अलेक्झांड्रा पॅलेसमधून २ नोव्हेंबर १९३६ ला सुरू झाली. वर्षभराने, ११ नोव्हेंबर १९३७ ला, म्हणजे युद्धविरामाच्या स्मृतिदिनी, तिथून आर. सी. शेरिफचं 'जर्नीज एंड' हे नाटक दाखवलं गेलं. खंदकातल्या ब्रिटिश अधिकाऱ्यांचं हे नाटक. निर्माता जॉर्ज मोर ओ'फेरल. मद्याच्या आधाराने स्वतःला उभं ठेवणारा तरुण कॅप्टन स्टॅनहोप ही मध्यवर्ती भूमिका टेटने केली.

आता थोडं थांबून विचार करा. ज्याने ते युद्ध अंगावर घेतलं तो माणूस, चाळीस वर्षांचा, त्याच युद्धाच्या स्मृतिदिनी, पंचविशीही न गाठलेल्या कॅप्टनचं काम करतोय. स्टुडिओ लहान, दिव्यांचा उकाडा प्रचंड. अलेक्झांड्रा पॅलेसचं प्रक्षेपण साधारण लंडन आणि आसपासच्या टापूतच नीट पोचायचं आणि संच होते फक्त काही हजार. बघणारे बघून उठले आणि नाटक संपलं. प्रक्षेपण रेकॉर्ड करायची सोयच तेव्हा बीबीसीकडे नव्हती, त्यामुळे त्या स्टॅनहोपचा एक क्षणही आज पाहता येत नाही.

इथे आमच्या काकांचा नियम लावला तर टेटच्या खात्यात शून्य मांडावं लागेल. आणि दुसऱ्या पक्षाचा नियम लावला तर 'प्रत्यक्ष सैनिकाने केलेला तो अविस्मरणीय स्टॅनहोप' असं वाक्य लिहायचा मोह होईल. मला दोन्ही चूक वाटतात. सैनिक होता म्हणून अभिनय चांगलाच झाला असणार, हे तर्काला धरून नाही. लढलेली कितीतरी माणसं रंगमंचावर लाकडासारखी उभी राहतात. आपण इतकंच म्हणू शकतो, की नाटक टेलिव्हिजनवर कसं करायचं हे कुणालाच नीट ठाऊक नव्हतं तेव्हा ज्यांच्यावर ही जबाबदारी टाकली गेली, त्यांच्यात टेट होता. हेही थोडं नाही.

१९५३ : यंत्र जुनं, पद्धत कडक

सोळा वर्षं पुढे येऊ. १९५३ च्या जूनमध्ये राणी एलिझाबेथचा राज्याभिषेक झाला आणि त्यासाठी इंग्लंडात घरोघर टेलिव्हिजन संच आले. त्याच उन्हाळ्यात, १८ जुलै ते २२ ऑगस्ट, दर शनिवारी रात्री बीबीसीने 'द क्वाटरमास एक्सपेरिमेंट' ही सहा भागांची मालिका दाखवली. लेखक नायजेल नील, दिग्दर्शन रुडॉल्फ कार्टियरचं. कथा थोडक्यात अशी : प्राध्यापक क्वाटरमास ब्रिटनचं पहिलं मानवी अग्निबाण अवकाशात पाठवतात. तीन माणसं गेली, एकच परत आला, आणि तोही हळूहळू माणूस उरत नाही. मुख्य भूमिकेसाठी आधी आंद्रे मोरेल या नटाला विचारलं होतं. त्याने नकार दिला, मग टेट आला.

पद्धत अशी होती. सोमवार ते शुक्रवार लंडनच्या गॉवर स्ट्रीटवरच्या एका सभागृहात तालीम. शनिवारी दिवसभर स्टुडिओत कॅमेऱ्यांसह तालीम, आणि त्याच रात्री थेट प्रक्षेपण. पहिला भाग दाखवला तेव्हा शेवटच्या दोन भागांचं लेखनही पुरं झालं नव्हतं. स्टुडिओ अलेक्झांड्रा पॅलेसचाच, आणि कॅमेरे १९३६ साली बसवलेले एमिट्रॉन.

या कॅमेऱ्यांविषयी दोन शब्द सांगतो, कारण अभिनय समजायला ते लागतात. एमिट्रॉनची प्रकाशग्रहणाची ताकद कमी, म्हणून दिवे भगभगीत. भिंग एकच, त्यामुळे चेहरा जवळून दाखवायचा तर अख्खा कॅमेरा ढकलत पुढे न्यायचा. स्पष्ट दिसण्याची खोली फार कमी, म्हणजे नट ठरल्या जागेपासून जरा पुढेमागे सरकला की चेहरा धूसर. आता यात नटाने काय करायचं? जमिनीवरच्या खुणेवर बरोबर उभं राहायचं, खाली न बघता. एका नेपथ्यातलं वाक्य संपलं की आधी चित्रित केलेला तुकडा चालू असेल तेवढ्यात केबलींवरून उड्या मारत दुसऱ्या नेपथ्यात जायचं, आणि तिथे शांतपणे खुर्चीत बसलेलं दिसायचं. ओळ विसरली तर मदतीला एक बटण होतं. ते दाबलं की क्षणभर आवाज बंद व्हायचा, तेवढ्यात ओळ सांगायची. घरी बसलेल्या प्रेक्षकाला वाटायचं, संचातच काही बिघडलं.

मालिका कॅनडात विकायची म्हणून भाग फिल्मवर उतरवायचं ठरलं होतं. त्याची रीत सोपी. मॉनिटरच्या पडद्यासमोर फिल्म कॅमेरा ठेवायचा आणि पडद्याचंच चित्रण करायचं. दोन भाग उतरवले, दर्जा पसंत पडला नाही, काम थांबवलं. दुसऱ्या भागात तर बराच वेळ चित्रावर एक किडा बसलेला दिसतो. तो स्टुडिओत नव्हता. चित्रण चालू असताना मॉनिटरवर येऊन बसला. आज तो किडा त्या मालिकेतल्या बऱ्याच नटांपेक्षा जास्त प्रसिद्ध आहे.

दोन भागांत काय दिसतं

हे दोन भाग मी पुष्कळदा पाहिले आहेत. पहिल्यांदा पाहताना चित्राच्या फिकटपणाने वैताग येतो. चौथ्यांदा पाहताना चित्र विसरायला होतं आणि माणसं दिसू लागतात.

पहिल्या भागाचा मोठा हिस्सा नियंत्रण कक्षात घडतो. अग्निबाणाशी संपर्क तुटलाय, सगळे वाट बघतायत. नटाच्या दृष्टीने हा अवघड प्रसंग, कारण घडत काहीच नाही. टेटने इथे जे केलं ते एका इंजिनिअरला लगेच ओळखू येतं. तो घाबरलेला दाखवत नाही. प्लांट बंद पडल्यावर ज्याच्या सहीने तो चालू झाला होता तो माणूस जसा वागतो, तसा तो वागतो. प्रश्न नेमके, आवाज चढलेला नाही, नजर सारखी माहिती जिथून यायची तिकडे. तांत्रिक शब्द तो समजावून सांगत नाही, नुसते वापरतो. त्यामुळे ते आपल्याला कळले नाहीत तरी खरे वाटतात. मी कारखान्यात असे दोन-तीन साहेब पाहिले आहेत. त्यांच्या शांतपणानेच पोटात गोळा यायचा.

मग अग्निबाण विम्बल्डनमधल्या एका घरावर येऊन आदळतं. गर्दी, पोलीस, वार्ताहर. इथे टेटचं काम बदलतं. आता त्याला एकाच वेळी यंत्राकडे, अधिकाऱ्यांकडे आणि आत अडकलेल्या अंतराळवीराच्या बायकोकडे बघायचंय. दार उघडल्यावर एकटा कॅरून बाहेर पडतो, बाकी दोघांचे पोशाख रिकामे. पुढे जे भयंकर घडायचंय त्याची पहिली खूण आपल्याला मिळते ती क्वाटरमासला न सुटणाऱ्या हिशेबातून. तीन गेले होते आणि हा एक आहे. टेट तिथे भीती दाखवण्याऐवजी बेरीज न जुळलेल्या माणसाची अस्वस्थता दाखवतो. मला हा त्याचा सर्वांत चांगला निर्णय वाटतो.

दोषही सांगायला हवेत. कॅरूनची बायको ज्युडिथ (इझाबेल डीन) हिच्याशी बोलताना तो मला कोरडा वाटतो. तिच्या दुःखाला जागा देण्याऐवजी पुढच्या कामाकडे वळतो. कुणी म्हणेल हा त्या पात्राचाच स्वभाव. असेलही. पण डंकन लॅमाँटने कॅरूनची भूमिका जवळजवळ शब्दांवाचून, नुसत्या देहाने केली आहे, आणि त्याच्याशेजारी टेट कधीकधी फक्त कामाचा माणूस उरतो. शिवाय थेट प्रक्षेपणाची घाई सगळ्यांच्याच बोलण्यात जाणवते. अडखळलेली वाक्यं आहेत, घाईने उचललेले संवाद आहेत. हे लपवून 'सुवर्णकाळ' वगैरे म्हणण्यात अर्थ नाही.

चार भागांत काय होतं

उरलेले चार भाग फिल्मवर नाहीत, पण संहिता आहे. १९५९ साली पेंग्विनने ती पुस्तकरूपाने छापली. त्यामुळे टेटला काय करायचं होतं हे वाचता येतं. शेवट वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये होतो. तीन माणसांना गिळून वाढलेला तो जीव तिथे उंचावर पसरलाय. क्वाटरमास त्याला गोळीने मारत नाही. उड्डाणाच्या वेळचं ध्वनिमुद्रण लावतो आणि त्या जीवाच्या आत उरलेल्या तीन माणसांना हाक मारतो, की तुम्ही अजून माणसं आहात, याला विरोध करा. आणि ते करतात.

आता हा राक्षस कसा बनवला होता? ॲबेच्या आतल्या भागाचा एक मोठा फोटो, त्याला पाडलेली भोकं, आणि त्या भोकांतून बाहेर आलेले, झाडपाल्यासारखं काहीबाही चिकटवलेले हातमोजे. हात कुणाचे, तर खुद्द लेखक नायजेल नीलचे. म्हणजे मालिकेचा सगळा भार एका लांबलचक स्वगतासारख्या आवाहनावर, आणि ते ऐकायला समोर हातमोजे. टेटने तिथे जरा जरी खोटेपणा केला असता, तरी लोक हसले असते.

लोक हसले नाहीत. मालिकेचा प्रेक्षकवर्ग पहिल्या भागाला सुमारे ३४ लाख होता, तो शेवटच्या भागाला ५० लाखांपर्यंत गेला. बीबीसीने दोन वर्षांनी दुसरी क्वाटरमास मालिका करायचं ठरवलं आणि नायक म्हणून पुन्हा टेटच ठरला. या गोष्टींवरून शेवटचा प्रसंग 'महान' होता असं सिद्ध होत नाही. पण तो उभा राहिला होता इतकं अनुमान काढायला माझी हरकत नाही. ज्याने पहिल्या दोन भागांत रिकाम्या पोशाखाकडे बघून हिशेब चुकल्याचा भाव आणला, त्याने हातमोज्यांत तीन माणसं पाहिली असतील, हे दोन्ही पुराव्यांना धरून आहे.

नंतरची प्रतवारी

दुसरी मालिका टेटने केली नाही. २३ ऑगस्ट १९५५ ला, बाह्यचित्रण सुरू व्हायला महिनाही उरला नव्हता तेव्हा, तो अचानक वारला. वय ५८. त्यानंतर तीनच दिवसांनी, २६ ऑगस्टला, त्याच कथेवरचा हॅमर कंपनीचा चित्रपट लंडनमध्ये लागला. त्यात क्वाटरमास होता ब्रायन डॉनलेव्ही हा अमेरिकी नट. बोलणं दरडावणीचं, चाल फौजदाराची. नीलला तो कधीच आवडला नाही. पण चित्रपट फिल्मवर होता, म्हणून तो देशोदेशी गेला, आणि जगात बहुतेकांनी पहिला पाहिलेला क्वाटरमास डॉनलेव्हीच ठरला.

टेलिव्हिजनवर टेटची जागा आयत्या वेळी जॉन रॉबिन्सनने घेतली. तांत्रिक संवादांशी तो झगडताना दिसतो, आणि त्याचे सहाही भाग उपलब्ध असल्याने ते झगडणं आपण आजही पाहू शकतो. १९५८-५९ साली तिसरी मालिका आली, 'क्वाटरमास अँड द पिट'. तिचा नायक आंद्रे मोरेल, ज्याने पहिल्यांदा नकार दिला होता तोच. त्याचेही सहा भाग शाबूत. जाणकार आज मोरेललाच सर्वोत्तम क्वाटरमास मानतात.

मोरेल उत्तम आहे याबद्दल माझा वाद नाही. वाद आहे तुलनेच्या रीतीशी. बारा पैकी बारा गुण लिहिलेली उत्तरपत्रिका एका हातात, आणि चार पानं फाटलेली दुसऱ्या हातात, आणि आपण बेरजेवर क्रमांक लावतो. मोरेलच्या वेळी कॅमेरे सुधारले होते, प्रसंगांना वेळ जास्त होता, आणि मुख्य म्हणजे त्या भूमिकेची चाकोरी पडलेली होती. संशयी, थकलेला, तरी माणुसकी न सोडणारा शास्त्रज्ञ टेलिव्हिजनवर कसा बोलतो, हे पाच वर्षांपूर्वी कुणीतरी दाखवलं होतं. ते दाखवणाऱ्याचे दोनच भाग उरले म्हणून त्याचं श्रेयही दोन षष्ठांश धरायचं का?

आणखी एक कडू गोष्ट. रेकॉर्ड न उरण्यात सगळा दोष काही तंत्राचा नव्हता. त्या काळी कलाकारांच्या संघटनेला फिल्मवर उतरवलेला कार्यक्रम पुन्हा दाखवणं मान्य नव्हतं. नाटक परत दाखवायचं तर नटांनी परत करावं आणि परत पैसे मिळावेत, ही त्यांची मागणी पोटापाण्याच्या दृष्टीने रास्तच होती. पण त्या रास्त मागणीनेच पुढच्या पिढ्यांसाठी बरंच काम पुसलं गेलं.

२ एप्रिल २००५ ला बीबीसीने हीच मालिका एकाच रात्रीत, थेट प्रक्षेपणाने पुन्हा सादर केली. या वेळी जेसन फ्लेमिंग क्वाटरमास होता. तो प्रयोग ठरल्या वेळेच्या बराच आधी संपला. नट भराभर बोलत गेले. आधुनिक यंत्रं, अनुभवी माणसं, तरीही घड्याळ हातातून सुटलं. त्या रात्रीने टेटच्या बाजूने जी साक्ष दिली ती कुठल्याही स्तुतीपेक्षा मला मोलाची वाटते. टेटने हे सलग सहा शनिवार केलं होतं.

तीन रकाने

तर काटा तपासून झाला. आता आपल्या वादाकडे.

माझी सूचना अशी, की हरवलेल्या नटावर लिहिताना वहीत तीन रकाने आखावेत. पहिला, पाहिलेलं. दुसरा, पुराव्यावरून काढलेलं अनुमान. तिसरा, ऐकीव. टेटच्या बाबतीत पहिल्या रकान्यात क्वाटरमासचे दोन भाग आणि सिनेमातली दुय्यम कामं. दुसऱ्यात ॲबेमधला शेवट आणि दुसऱ्या मालिकेसाठी झालेली निवड. १९३७ चा स्टॅनहोप कुठल्याही रकान्यात 'चांगला' किंवा 'वाईट' म्हणून जात नाही. तो फक्त 'केला' म्हणून नोंदवायचा, तारखेसह. असं मांडल्यावर जो निवाडा निघतो तो मधलाच आहे. टेट थोर नट होता असं मी लिहिणार नाही. तो पक्का नट होता, नव्या माध्यमाची चाकोरी पाडणाऱ्यांपैकी होता, आणि त्याला नंतरच्यांच्या रांगेत शेवटी उभं करणं अन्याय आहे, असं मात्र सही करून लिहीन.

आता त्या तीन हस्तपत्रकांकडे परत बघा. तिन्ही निरनिराळ्या वर्षांची आहेत, आणि तिन्हींवर त्याच गृहस्थांचं नाव पहिल्या ओळीत आहे. म्हणजे ज्यांनी पहिल्या वर्षी पाहिलं, त्यांनीच दुसऱ्या आणि तिसऱ्या वर्षी पुन्हा बोलावलं. हा दुसऱ्या रकान्यातला चांगला भरभक्कम पुरावा आहे. 'थोर नट' हे शब्द खोडून तिथे 'सलग मागणी असलेला नट' असं लिहावं, असं मी त्या सभासदांना सुचवलं आहे. काकांना फोनवर वाचून दाखवलं. ते म्हणाले, "हे चालेल."

पुढच्या बैठकीला येताना घरातली जुनी हस्तपत्रकं आणा. आणि घरात कुणी त्यांतला एखादा प्रयोग पाहिलेलं असेल, तर त्यांना काय आठवतं ते आजच, तारीख घालून, वेगळ्या कागदावर लिहून घ्या. तो कागद तिसऱ्या रकान्यातला असेल, पण तो लिहून घेणारा आज घरात आहे आणि सांगणाराही आहे.